सहा भेटींनी माणूस बदलतो का?



काही दिवसांपूर्वी रविवारची मिस्सा संपल्यावर आपल्या धर्मग्रामातील एक भगिनी आम्हांला भेटल्या. कपाशीचे पीक हातचे गेल्यानंतर त्यांच्या यजमानांनी शेतात जाणेच सोडले होते. रात्र रात्र झोप नाही, जेवणावर वासना नाही, कुणाशी बोलणे नाही. डॉक्टरांनी हे नैराश्य आहे असे सांगून समुपदेशकाकडे पाठवले. एस.टी.ने संभाजीनगरला सहा वेळा जाऊन-येऊन सहा भेटी पूर्ण झाल्या. आता ते सकाळी शेतात जातात, घरात दोन शब्द बोलतात. भगिनींनी विचारले, "फादर, नुसते बोलून माणूस बरा होतो का? की चार महिन्यांनी पुन्हा तेच?"

त्यांच्या संमतीने हा प्रश्न आज आपल्यापुढे ठेवत आहोत. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत. कृपया कोण म्हणून शोध घेऊ नये. प्रश्न एका घराचा नाहीच.

आधी, जे मोजून पाहिले गेले आहे ते सांगतो. गोव्यात 'संगाथ' ही संस्था १९९६ पासून मानसिक आरोग्याचे काम करते. डॉ. विक्रम पटेल हे तिच्या संस्थापकांपैकी एक. या संस्थेने गोव्यातील प्राथमिक आरोग्य केंद्रांत येणाऱ्या, तीव्र नैराश्याने ग्रासलेल्या ४९५ प्रौढ रुग्णांचा अभ्यास केला. निम्म्यांना केंद्रातील उपचार मिळाले. उरलेल्यांना त्या उपचारांबरोबर समुपदेशकाच्या सहा ते आठ भेटी मिळाल्या. हे समुपदेशक मानसोपचारतज्ज्ञ नव्हते; त्या कामाचे खास प्रशिक्षण दिलेली साधी माणसे होती. भेटीत ते काय करत? सोडून दिलेली कामे थोडी थोडी पुन्हा सुरू करायला लावत, अडचणीतून वाट काढायला शिकवत, घरच्यांची आणि मित्रांची साथ मिळवायला सांगत.

२०१७ साली 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात निष्कर्ष छापून आले. तीन महिन्यांनी भेटी मिळालेल्यांपैकी शंभरात ६४ जण नैराश्यातून बाहेर आले होते, इतरांत ३९. बारा महिन्यांनी पुन्हा पाहिले, तेव्हा पहिल्या गटात ६३ आणि दुसऱ्यात ४८. म्हणजे भेटी संपून बराच काळ लोटला तरी पहिला गट खाली घसरला नाही. दुसरा गटही काळाच्या ओघात थोडा सावरला.

त्याच संस्थेने दारूच्या आहारी जाऊ लागलेल्या ३७७ पुरुषांसाठीही असाच प्रयत्न केला. तिथे तर जास्तीत जास्त चार भेटी होत्या. तीन महिन्यांनी फरक थोडा होता : शंभरात ३६ विरुद्ध २६. बारा महिन्यांनी तो वाढला : ५४ विरुद्ध ३२. भेटी केव्हाच थांबल्या होत्या, बदल मात्र थांबला नव्हता.

तेव्हा भगिनींच्या प्रश्नाचे पहिले उत्तर असे : होय, थोडक्या भेटींनी झालेला बदल टिकू शकतो. पण आकडे पुरते वाचू या. नैराश्याच्या अभ्यासात भेटी मिळूनही शंभरातले सदतीस जण वर्षाअखेर बरे झालेले नव्हते. ही पद्धत जादू नाही. आणि उपचार लांबला म्हणजे बदल पक्का, असेही नाही. मनोविश्लेषणाचे जनक फ्रॉइड रुग्णांना महिनोन्‌महिने, कधी वर्षानुवर्षे तपासत. त्यांनीही उतारवयात, १९३७ साली, विश्लेषण खरोखर संपते का या प्रश्नावर निबंध लिहिला. प्रश्न भेटींच्या संख्येपेक्षा खोल आहे.

सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना आम्हांला संत थॉमस अक्वायनस यांचा एक प्रश्न अभ्यासाला होता : एकाच कृतीने सवय लागू शकते का? तेव्हा तो कोरडा वाटला होता. आज त्याची किंमत कळते. संत थॉमस तीन गोष्टी वेगळ्या करतात. शरीराचे म्हणाल तर, जालीम औषधाची एक मात्रा कधी कधी माणसाला उठवून बसवते. बुद्धीचे म्हणाल तर, स्वयंस्पष्ट सत्य एकदा कळले की कळले. तिथेही एकदाच पुरते. पण सद्‌गुण एका कृतीने अंगी येत नाही. त्यासाठी तीच कृती पुन्हा पुन्हा करावी लागते.

हा भेद आपल्या प्रश्नाला लावून पाहा. समुपदेशकाच्या खोलीत माणसाला एखादी गोष्ट लख्ख दिसू शकते : 'पीक गेले म्हणजे मी गेलो असे नाही.' हे दिसायला सहा भेटी पुरतात, कधी एकही पुरते. पण हे दिसल्यावर रोज सकाळी उठणे, बैलाला पाणी दाखवणे, शेजाऱ्याच्या हाकेला ओ देणे, हे त्या खोलीत घडत नाही. ते वैजापुरात घडते, घराच्या ओट्यावर आणि शेताच्या बांधावर घडते. भेटी सहा असतील. त्या टिकवणाऱ्या कृती सहाशे असतात.

नांदूर-मधमेश्वरच्या कालव्याचे पाणी घेणाऱ्यांना हे समजावून सांगायला नको. आवर्तन ठरावीक दिवसांचे असते, मग पाणी बंद. पाणी बंद झाले म्हणून आवर्तन फुकट गेले असे कोणी म्हणत नाही. त्या चार दिवसांत जमिनीने किती ओल धरली आणि पुढे आपण ती कशी राखली, यावर पीक ठरते.

इथे एक धोका आहे. असे म्हटले की पुन्हा खचलेल्या माणसाला आपण लगेच दोष देतो : "एवढे पैसे घातले, एवढ्या खेपा केल्या, तरी याने मनावर घेतले नाही." हे अन्यायाचे आहे. ओल राखूनही गारपीट होतेच. कर्ज, मरण, दुखणे माणसाला विचारून येत नाही. पुन्हा पाय घसरला म्हणजे आधी चाललेली वाट खोटी होती असे नाही. ज्याला एकदा वाट सापडली, त्याला ती पुन्हा सापडू शकते. पुन्हा दोन भेटी घ्याव्या लागल्या तर त्यात कमीपणा नाही. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या असतील तर त्या आपल्या मनाने बंद करू नयेत.

आणि ज्या सहाशे कृती म्हटल्या, त्या एकट्याने करता येत नाहीत. हाकेला ओ द्यायला आधी कोणी तरी हाक मारावी लागते. इथे आम्हांला आमची चूक कबूल करायची आहे. हे बंधू आजारी असताना आम्ही एकदा त्यांच्या घरी गेलो, "प्रार्थना करा, सर्व ठीक होईल" असे सांगितले आणि परतलो. पुन्हा गेलो नाही. ज्या समुपदेशकाची त्यांची ओळखही नव्हती, ती व्यक्ती त्यांच्यासमोर सहा वेळा बसली. आम्ही एकदाच. प्रार्थनेत उणे काही नव्हते. उणे आमच्या येण्यात होते.

लाजरसची गोष्ट आपण ऐकली आहे. प्रभूने त्याला हाक मारली आणि तो कबरेतून बाहेर आला, पण हातपाय वस्त्रांनी बांधलेलेच होते. ती बंधने सोडण्याचे काम प्रभूने स्वतः केले नाही, भोवती उभ्या असलेल्यांना सांगितले. बाहेर आलेल्या माणसाला मोकळे करणे हे भोवतालच्यांचे काम आहे. आपण काय करतो? "त्याच्या डोक्यावर परिणाम झालाय," असे कुजबुजतो, लग्नाची पत्रिका देताना कचरतो, कामाला बोलवायचे टाळतो. म्हणजे सुटलेली गाठ पुन्हा बांधतो.

म्हणून त्या भगिनींना आम्ही असे उत्तर दिले : "बाई, टिकेल का हे समुपदेशकाला एकट्याला ठरवता येणार नाही, तुमच्या यजमानांनाही नाही. थोडे आमच्यावरही आहे." त्या काही बोलल्या नाहीत. पण पुढच्या रविवारी यजमानांना घेऊन आल्या आणि ते मागच्या बाकावर बसले.

मिस्सा संपल्यावर मागच्या बाकाकडे जायला आपल्याला वेळ असतो का, हे प्रत्येकाने स्वतःला विचारावे. आपल्या घरात किंवा शेजारी कोणी असे खचलेले असेल तर लपवू नका, डॉक्टरांकडे न्या. सरकारची 'टेलि-मानस' ही मोफत सेवा १४४१६ या क्रमांकावर मराठीतूनही बोलते. आमचे दार तर उघडे आहेच. यापुढे आम्ही एकदाच येऊन थांबणार नाही.

आपला प्रभूच्या सेवेत,
धर्मगुरू