मेलेला कुणाचा?

कामावर माणूस मरतो तेव्हा कायदा दोन प्रश्न विचारतो. कामामुळं मेला का? आणि त्याच्यावर कोण जगत होतं? पहिल्या प्रश्नावर आपण मोर्चे काढतो. दुसरा कागदपत्रांचा म्हणून वकिलावर सोडतो. मला दुसराच जास्त सलतो.

१९२३ चा कामगार नुकसानभरपाई कायदा घ्या. २१ नोव्हेंबर २०२५ ला सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली, त्यात तो गेला. तोवर शंभर वर्षं आपल्या मरणाचा हिशेब त्यानंच केला. त्यात मेलेल्याच्या घरच्यांच्या पायऱ्या होत्या. नव्या संहितेतही पायऱ्या आहेतच. वर विधवा, अज्ञान मुलगा, बिनलग्नाची मुलगी, विधवा आई. यांनी नातं दाखवलं की पुरे. खाली बाप, अज्ञान भाऊ, विधवा सून. यांनी नात्याबरोबर पोटही दाखवायचं.

आता बघा. नवरा जिवंत असलेली आई खालच्या पायरीवर, नवरा मेलेली वरच्या. पोटचा गोळा तर दोघींचाही गेला ना? आणि जुन्या कायद्यात विधवा बहीण अज्ञान असेल तरच धरलेली. भावाच्या घरी येऊन राबणारी चाळिशीची बहीण यादीतच नाही.

पोट दाखवायचं कसं? पोरगा पगाराच्या दिवशी बापाच्या हातावर नोटा ठेवतो. बाप काय पावती देतो? समोरचा वकील विचारतो, गावाकडं एकरभर जमीन आहे ना? बाई चार घरची भांडी घासते ना? मग जगत होताच की! ज्या बापानं पोराला शिकवलं, बाबासाहेबांचं नाव घेतोस तर कुणापुढं हात पसरू नको, त्यानं उभं राहून म्हणायचं, नाय साहेब, आम्ही अगदीच लाचार.

खरं तर कायदा एवढं मागतच नाही. 'पूर्णतः किंवा अंशतः' अवलंबून, असे त्याचे शब्द. जमीन असली, बाई कमावती असली तरी थोडा आधार पुरतो. विधवेला तर तेही नको, लग्न शाबित झालं की झालं. पण विहारात लागलेल्या लग्नाची नोंद कितींनी केलीय? पांढऱ्या साडीतला एक फोटो, बस.

आणि कुणीच शाबित झालं नाही तर? त्याच कायद्याचं कलम ८ सांगायचं, अवलंबित कुणी नाही अशी कमिशनरची खात्री पटली की उरलेली रक्कम मालकाला परत. यंत्र तेच, निष्काळजीपणा तोच, रक्त तेच. पण मागं कुणी नाही म्हणून मरण जवळपास फुकट!

कुणी म्हणेल, मेलेला पैसे घेऊ शकत नाही, मग द्यायचे कुणाला? प्रश्न रास्त आहे. पण 'द्यायचं कुणाला' हा एक प्रश्न आणि 'देणं लागतो का' हा दुसरा. देणं चढतं ते जीव गेल्यामुळं, घर भुकेलं आहे म्हणून नाही. वारस नसेल तर ते पैसे कामगारांच्या निधीत जावेत, मालकाच्या गल्ल्यात का? गटारात मेलेल्यांच्या घरच्यांना सर्वोच्च न्यायालयानं २०१४ मध्ये १० लाख आणि २०२३ मध्ये ३० लाख ठरवले. तिथं पगार आणि वयाचा गुणाकार नाही. सगळ्या जिवांचा आकडा एकच. म्हणजे दुसऱ्या रीतीनंही मोजता येतं.

आणि अवलंबून कोण नव्हतं? तो आईच्या भाकरीवर, बहिणीच्या राबण्यावर उभा होता. मालक त्याच्या हातांवर उभा होता. मालकाला कुणी म्हणत नाही, तुझं अवलंबन शाबित कर.

कायदा बदलेल तेव्हा बदलेल. तोवर वस्तीवस्तीत दोन कामं करा. लग्नांची नोंदणी करून घ्या. घरी पैसे द्यायचे ते बँकेतून द्या, म्हणजे नोंद राहते. आणि बापाला साक्षीला उभा कराल तेव्हा आधी सांगा, मान खाली घालू नका. तुम्ही भीक मागायला आलेला नाहीत, तुमचं येणं वसूल करायला आलात.