दिलेली ओळ आणि घेतलेला धर्म

स्वधर्म ही भगवद्गीतेतील एक मध्यवर्ती कल्पना आहे. तिसऱ्या आणि अठराव्या अशा दोन अध्यायांत गीता सांगते की दुसऱ्याचा धर्म कितीही उत्तम रीतीने आचरता येत असला, तरी स्वतःचा धर्म, मग तो गुणहीन वाटला तरी, अधिक श्रेयस्कर होय. या शिकवणुकीतील ‘स्व’ म्हणजे नेमका कोण, हा प्रश्न मात्र भाष्यकारांनी वेगवेगळ्या प्रकारे सोडवला आहे. तो माणसाच्या आतल्या प्रकृतीतून ठरतो की तो ज्या घरी जन्मला त्या घरावरून, या दोन उत्तरांमधले अंतर बहुतेकांच्या आयुष्यात फारसे जाणवत नाही. जिचे वय अजून कळतेही झालेले नाही अशा मुलीच्या पायांत चाळ बांधले जातात, तेव्हा मात्र ते अंतर उघडे पडते. जी कला तिने मागितली नव्हती, जी सोडण्याची मुभा तिला नव्हती, ती तिचा स्वधर्म म्हणायची काय, आणि म्हणायची असेल तर कोणत्या क्षणापासून, हा या लेखाचा विषय आहे.

सातारा जिल्ह्यातील वाई हे या प्रश्नाचा विचार करण्यासाठी सर्वांत योग्य गाव ठरावे. कृष्णेच्या घाटांवर वसलेल्या या क्षेत्री नारायणशास्त्री मराठे यांनी प्राज्ञपाठशाळा चालवली. धर्मशास्त्राची मूळ वचने विषयवार संकलित करणारा धर्मकोश हा महाग्रंथ पुढे तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या संपादनाखाली येथूनच प्रसिद्ध होऊ लागला. १९१७ मध्ये तरुण विनोबा भावे गांधीजींच्या आश्रमातून रजा घेऊन वेदान्ताच्या अध्ययनासाठी नारायणशास्त्र्यांकडे आले. पुढे १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात गीतेवर प्रवचने देताना त्यांनी स्वधर्माचे जे विवरण केले, त्याचा आशय असा की स्वधर्म शोधत हिंडावे लागत नाही. आईबाप जसे निवडून मिळत नाहीत, तसा तोही जन्माबरोबर सहज प्राप्त होतो. या विवरणात नम्रता आहे, आणि मोठेपणाच्या हव्यासाने आपले जवळचे कर्तव्य टाकणाऱ्या माणसाला त्यात योग्य इशाराही आहे. परंतु विनोबा वाईत शिकत होते त्या वर्षी त्याच गावात दीड-दोन वर्षांची एक मुलगी होती, आणि तिला जन्माबरोबर जे सहज प्राप्त झाले होते ते ध्यानात घेतले, की हे विवरण जसेच्या तसे स्वीकारणे कठीण होऊन बसते.

ती मुलगी म्हणजे यमुनाबाई वाईकर. ३१ डिसेंबर १९१५ रोजी वाई येथे कोल्हाटी समाजात त्यांचा जन्म झाला. कोल्हाटी ही गावोगाव फिरून दोरीवरच्या कसरती, नाच आणि गाणे यांवर पोट भरणारी जमात असून, तीत घर चालवण्याचा भार परंपरेने नाचणाऱ्या लेकीवर पडत असे. यमुनाबाई लहानपणी आईबरोबर रस्त्यावर नाचून-गाऊन पैसे मागत, मग तमाशाच्या फडात गेल्या, आणि पुढे तारा आणि हिरा या बहिणींसह त्यांनी स्वतःची संगीत पार्टी उभी केली. नाचणाऱ्या पोरीपासून लावणीच्या गायिकेपर्यंत आणि अदाकारीच्या आचार्येपर्यंतचा हा प्रवास संगीत नाटक अकादमीच्या पुरस्काराने आणि २०१२ मधील पद्मश्रीने राजमान्य झाला. १५ मे २०१८ रोजी, वयाच्या एकशे तिसऱ्या वर्षी त्यांचे निधन झाले.

कला पवित्र आणि कलावंत हीन, ही विसंगती यमुनाबाईंच्या काळात जन्मलेली नव्हे. भरताच्या नाट्यशास्त्राचा आरंभ नाट्याला पाचवा वेद म्हणण्याने होतो आणि शेवट एका शापाने होतो. छत्तिसाव्या अध्यायातील कथा अशी की भरताच्या पुत्रांनी विद्येच्या मदात ऋषींची नक्कल करून त्यांना हास्यास्पद केले, तेव्हा ऋषींनी त्यांना शूद्राचाराचे व्हाल आणि तुमचा वंशही तसाच जगेल असा शाप दिला. देवांनी रदबदली केल्यावर ऋषी एवढेच म्हणाले की नाट्य नष्ट होणार नाही, शापाचा उरलेला भाग मात्र खरा होईल. या कथेत अपराध पूर्वजांचा आहे आणि दंड अशा वंशजांचा, ज्यांनी अजून काहीच केलेले नाही. शास्त्रकाराने कलेला वाचवले आणि लेकरांना शापात ठेवले. कथा म्हणून ती समाजातील वस्तुस्थितीचे कारण सांगण्यासाठी रचली गेली असणार हे उघड आहे, पण कारण सांगणे आणि समर्थन करणे यांत फरक असतो, आणि पुढच्या शतकांनी तो फरक ठेवला नाही.

दुसऱ्या बाजूला, नाचणे हेच निषिद्ध मानावे तर वारकरी संप्रदायाचा आधारच निघून जातो. आषाढी वारीत ज्ञानेश्वरांची पालखी नीरा ओलांडून सातारा जिल्ह्यात येते, लोणंद, तरडगाव आणि फलटणच्या वाटेवर चांदोबाचा लिंब येथे उभे रिंगण होते, आणि तेथे टाळांच्या ठेक्यावर पावल्या टाकणाऱ्या वृद्धाला कोणी नाच्या म्हणत नाही. तमाशाचाही आरंभ गणेशाच्या स्तवनाने, म्हणजे गणाने होतो, आणि त्यामागून कृष्ण व गोपी यांची गवळण येते. म्हणजे फडातली बाईही प्रथम देवाच्याच कथेत उभी राहते. तेव्हा पावलात पाप नाही आणि शृंगारातही नाही. प्रश्न आहे तो पाऊल कोणाच्या इच्छेने पडते हा. सातारा जिल्ह्यातीलच पालच्या खंडोबाला आणि जेजुरीच्या खंडोबाला नवसाने सोडलेल्या मुरळीच्या बाबतीत हेच दिसते. तिच्या गाण्यात देव होता, पण नवस तिने बोललेला नव्हता. देवाला स्त्रिया वाहण्याची चाल मुंबई इलाख्यात १९३४ च्या कायद्याने बेकायदा ठरली, आणि धर्मशास्त्राने जे आधीच म्हणायला हवे होते ते कायद्याने म्हटले, की एकाचा नवस दुसऱ्याच्या देहाने फेडता येत नाही.

एवढे मान्य केले तरी यमुनाबाईंची कला समजावून घेण्याचे काम उरतेच, कारण जे लादले गेले त्याचे त्यांनी पुढे काय केले हे लादण्याच्या कथेत सामावत नाही. बैठकीची लावणी हा प्रकार येथे बारकाईने पाहावा लागतो. फडाच्या लावणीत गायिका उभी राहून नाचते; बैठकीच्या लावणीत ती बसते, जाणकारांसमोर गाते, आणि तिचा नाच चेहरा, मान, बोटे आणि पदराच्या टोकापर्यंत आवरला जातो. येथे अदा म्हणजे शब्दाचा अर्थ मुद्रेने व हावभावाने दाखवणे. गायिका एकच ओळ पुन्हा पुन्हा घेते आणि प्रत्येक वेळी तिचा निराळा अर्थ दाखवते. एकदा त्या ओळीत रुसवा असतो, पुढच्या खेपेला विनवणी, मग आठवण, मग खोटा राग आणि त्या रागाखालची काळजी. शब्द एकही बदलत नाही. ओळ शाहिराने दिलेली, चाल परंपरेने दिलेली, प्रसंगही ठरलेला, आणि तरीही ऐकणाऱ्याला जे भेटते ते गायिकेचे स्वतःचे असते. यमुनाबाईंची कीर्ती प्रामुख्याने या सामर्थ्यावर उभी होती.

स्वधर्माची एक अधिक समाधानकारक कल्पना या कलेतूनच काढता येते. जन्माने जे मिळते ती ओळ होय, आणि तिला धर्म म्हणणे अजून घाईचे आहे. माणूस जाणत्या वयात त्या ओळीत स्वतःचा अर्थ घालतो, तो अर्थ तपासतो, बदलतो, नाकारतोही, तेव्हा तो ‘स्व’ त्या धर्मात प्रथम प्रवेश करतो. विनोबांच्या विवरणातील प्राप्त होण्यापुढची ही पायरी घेण्याची आहे. गीतेचा स्वतःचा शेवटही या वाचनाच्या बाजूने उभा आहे, कारण सर्व उपदेश करून झाल्यावर कृष्ण अर्जुनाला नीट विचार करून इच्छेला येईल तसे करण्यास सांगतो. ज्याला तसे करण्याची मुभा नाही त्याच्यापुढे हा उपदेश अर्धाच पोहोचतो.

निवड म्हणजे काय हे सांगली जिल्ह्यातील एका उदाहरणावरून उलट दिशेने कळते. वाळवा तालुक्यातील रेठरे हरणाक्ष येथे १८६६ मध्ये जन्मलेले श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी हे पुढे पठ्ठे बापूराव म्हणून गाजले. ब्राह्मण घराचे कुलकर्णीपण सोडून ते तमाशात आले, पवळा या नर्तकीच्या साथीने त्यांनी फड गाजवला, आणि त्यासाठी जातीचा बहिष्कार पत्करला. कुळाने दिलेला धर्म त्यांनी टाकला आणि प्रकृतीने मागितलेला धरला, असे त्यांच्याविषयी म्हणता येते. त्यांचे दुःखही मोठे होते. पण ते दुःख त्यांच्या निर्णयाची किंमत होते, आणि निर्णय घेण्यापूर्वी त्यांच्यापाशी सोडण्यासारखे काहीतरी होते. कोल्हाट्याच्या लेकीपाशी सोडण्यासारखे काही नव्हते. बापूरावांच्या त्यागाचे गोडवे गाणाऱ्या मराठी लेखणीने हा फरक क्वचितच मोजला आहे.

प्रतिष्ठेच्या वाटाही सर्वांना सारख्या मिळाल्या नाहीत. मिरजेत १९०५ मध्ये जन्मलेल्या हिराबाई बडोदेकर यांनी स्त्रीच्या गाण्याला सभागृहात मानाचे आसन मिळवून दिले, ते हावभाव पूर्णपणे वगळून, शांत, निश्चल बैठकीने. म्हणजे गायिकेला आदर हवा असेल तर तिने अदा टाकावी, हा त्या काळाचा अलिखित करार होता. यमुनाबाईंनी अदा टाकली नाही, आणि म्हणून त्यांच्यापर्यंत आदर पोहोचायला अर्धे शतक अधिक लागले.

या संदर्भात कान्होपात्रेची कथा विशेष अर्थपूर्ण आहे. मंगळवेढ्याच्या श्यामा नावाच्या गणिकेची ही मुलगी नाच-गाणे शिकली, तो व्यवसाय तिने नाकारला, वारकऱ्यांबरोबर पंढरपूरला गेली, आणि बेदरच्या बादशहाचे बोलावणे आले तेव्हा तिने विठ्ठलाच्या पायांशी देह ठेवला, असे परंपरा सांगते. १९३१ मध्ये या कथेवरचे नाटक रंगभूमीवर आले आणि कान्होपात्रेची भूमिका बालगंधर्वांनी केली. ज्यांच्या कुळाचे नागठाणे हे गाव सांगली जिल्ह्यातच आहे, ते नारायण श्रीपाद राजहंस बालवयातल्या गळ्यामुळेच बालगंधर्व ठरले होते. १९०५ मध्ये मिरजेत शकुंतला म्हणून उभे राहिल्यापासून त्यांनी स्त्रीभूमिकेला घराघरांत आदर्श केले. प्रेक्षक कान्होपात्रेच्या भक्तीने गहिवरले यात शंका नाही. पण गणिकेच्या लेकीची व्यथा प्रतिष्ठित घरच्या पुरुषाच्या मुखातून ऐकताना ज्या समाजाचे डोळे भरत होते, त्याच समाजात त्याच वर्षी पंधरा वर्षांच्या यमुनाबाई नाचून पोट भरत होत्या, आणि त्यांच्याकडे पाहण्याची नजर वेगळी होती.

कान्होपात्रा संतपदाला पोहोचली ती नकार देऊ शकली म्हणून, आणि तो नकार तिला प्राण देऊनच पुरा करता आला. यमुनाबाईंनी नकार दिला नाही. त्यांनी मिळालेल्या ओळीतच राहून तिचा अर्थ पालटला. या दोन मार्गांत श्रेष्ठ कोणता हे ठरवण्याचा अधिकार ज्यांच्या पायांत कधी चाळ बांधले गेले नाहीत त्यांना नाही. मात्र एक गैरसमज दूर ठेवला पाहिजे. पद्मश्री मिळाली म्हणून मागची सक्ती योग्य ठरत नाही. डॉक्टर झालेले किशोर शांताबाई काळे यांनी १९९४ मधील ‘कोल्हाट्याचं पोर’ या आत्मकथनात नाचणाऱ्या आईची आणि तिच्या मुलाची जी परवड लिहिली, ती त्याच परंपरेची दुसरी बाजू आहे. वयात आलेल्या मुलीसाठी एखाद्या धनिकाने पैसे मोजण्याची, ‘चिरा उतरवण्या’ची चाल त्या परंपरेचाच भाग होती. जिच्या गळ्यातून उत्तम लावणी निघाली ती एक, आणि ज्यांच्यातून काहीच निघाले नाही, नुसते वय निघून गेले, अशा कितीतरी. धर्मविचाराने प्रथम त्यांचा हिशेब द्यायला हवा.

उत्तरायुष्यात यमुनाबाईंनी लावणी शिकवलीही. शिकायला येणाऱ्यांत त्यांच्या समाजाबाहेरच्या मुलीही होत्या. त्या शाळा शिकून, घरच्यांना विचारून आलेल्या असत, आणि मन नाही लागले तर दुसऱ्या दिवशी न येण्याची मोकळीक त्यांना होती. बाई त्यांना एक ओळ देत आणि तिचे निरनिराळे अर्थ चेहऱ्यावर कसे आणायचे ते बसल्या जागी दाखवत.