गुपित, सत्य आणि मौनाचा अधिकार

चोरून उघड केलेली माहिती बहुधा खोटी नसते, आणि नेमक्या याच कारणाने तिच्या गळतीचा नैतिक विचार अवघड होतो. सप्टेंबर २०२० मध्ये फिनलंडमधील ‘वास्तामो’ या मानसोपचार संस्थेकडे एका खंडणीखोराने ४० बिटकॉइन मागितले. ते मिळेनात, तेव्हा रुग्णांनी उपचारकाला विश्वासाने सांगितलेल्या गोष्टींच्या नोंदी तो इंटरनेटवर टाकू लागला, आणि पुढे रुग्णांनाच ईमेल पाठवून प्रत्येकी २०० युरो मागू लागला. जे खरे आहे ते उघड करण्याने सत्याचा भंग होतो काय, हा प्रश्न येथे उभा राहतो.

महाभारताच्या कर्णपर्वातील कौशिक ब्राह्मण लुटारूंना पळालेल्या माणसांची लपण्याची जागा खरी खरी सांगतो आणि त्यांच्या हत्येच्या पापाचा धनी होतो. जैन दर्शनाचा सूत्रग्रंथ असलेले तत्त्वार्थसूत्र आणखी पुढे जाते: गृहस्थाच्या सत्यव्रताचे अतिचार, म्हणजे व्रताला बाध आणणारे दोष, सांगताना खोटा लेख करणे आणि कोणाची ठेव बुडवणे यांच्या पंक्तीला ते ‘रहोभ्याख्यान’, म्हणजे एकांतातील गोष्ट उघड करणे, हेही बसवते. या दृष्टीने गुपित ही सांगणाऱ्याची ठेव असून, ज्याच्या हाती ती येते तो केवळ तिचा राखणदार असतो.

मात्र यावरून सर्वच मौन पुण्यकारक ठरत नाही. रुग्णांच्या नोंदींत झालेल्या घुसखोरीची माहिती वास्तामोने मार्च २०१९ मध्येच द्यायला हवी होती, असा निष्कर्ष काढून फिनलंडच्या माहिती-संरक्षण यंत्रणेने संस्थेला ६,०८,००० युरोंचा दंड केला. ज्यांची ठेव लुटली गेली त्यांनाच अंधारात ठेवणारे हे मौन राखणदाराच्या स्वतःच्या चुकीवर पांघरूण घालणारे होते. तपासालाही राखणदारीची हीच कसोटी लावावी लागते. खंडणीखोराने रुग्णांच्या नोंदींबरोबर स्वतःचे फोल्डरही चुकून अपलोड केले, आणि त्यातून तपासाला महत्त्वाचे धागेदोरे मिळाले. चोराचा असा माग काढणे हे तपासकाचे कर्तव्यच आहे, परंतु रुग्णाच्या नोंदीत त्याने डोकवावे ते गुन्हा सिद्ध करण्यास लागेल तेवढेच. ज्याला असे कोणतेही कर्तव्य नाही, त्याने केवळ कुतूहलापोटी ती नोंद उघडली, तर मूळ चोरीशी त्याचा संबंध नसला तरी दुसऱ्याची ठेव वापरल्याचा दोष त्याच्याकडे येतो.