दोघांना वगळून

एखादा निर्णय योग्य होता की नव्हता, हे आपण बहुधा त्याच्या फळावरून ठरवतो. परंतु ज्या निर्णयाला फळच आले नाही, उलट ज्यामुळे निर्णय घेणाऱ्यांचेच नुकसान झाले, त्याला काय म्हणावे? अमेरिकेतील एका विद्यापीठाच्या खेळाडूंची हकीकत वाचताना हा प्रश्न आमच्यापुढे उभा राहिला.

सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठ हे येशूसंघीय धर्मगुरूंनी १८५५ साली स्थापन केलेले. १९५१ साली तेथील फुटबॉल संघ एकही सामना हरला नाही. अमेरिकेत ज्याला फुटबॉल म्हणतात तो आपला पायाने खेळायचा खेळ नव्हे. लंबगोल चेंडू हाती घेऊन समोरची फळी फोडत पुढे जाण्याचा तो अंगमोड करणारा खेळ आहे. प्रशिक्षक जो कुहारिच यांनी आपल्या मुलांना कॉर्निंग नावाच्या गावी रणरणत्या उन्हात तयार केले होते. नऊ सामने झाले, नऊही जिंकले. शेवटचा विजय लॉस एंजेलिसच्या लोयोला विद्यापीठावरचा, तेही येशूसंघीयांचेच. ऑली मॅटसन यांनी त्या हंगामात चेंडू घेऊन १,५६६ यार्डांची मजल मारली. त्या वर्षी देशात त्यांच्या पुढे कोणी नव्हते. बचावाच्या फळीत बर्ल टोलर खंबीरपणे उभे असत. संघातील हे दोघेच कृष्णवर्णीय होते.

हंगामाच्या अखेरीस, नववर्षाच्या सुमारास, ‘बाउल’ नावाचे मानाचे सामने होतात. त्यांचे निमंत्रण यावे लागे. निमंत्रणाबरोबर कीर्ती येई आणि पैसाही येई. यांतील कित्येक सामने दक्षिणेकडील राज्यांत भरत, आणि तेथे त्या काळी गोऱ्यांनी व काळ्यांनी एकत्र बसणे, शिकणे, खेळणे कायद्याला आणि रूढीला मान्य नव्हते. सॅन फ्रान्सिस्कोच्या संघाला मानाचे निमंत्रण आले नाही. प्रतिस्पर्धी संघ तोलामोलाचे नव्हते, असे कारण बाहेर पुढे करण्यात आले. खेळाडूंनी पुढे सांगितलेली हकीकत मात्र वेगळी आहे. मॅटसन आणि टोलर यांना घरी ठेवून या, मग दार उघडे आहे, असे त्यांना सुचवण्यात आले होते. आणि त्यांनी नकार दिला. यावर फारसा खल झाला नाही, असेही ते सांगत. ज्या दक्षिणेने हे दार लावले, तिथेच ते दोघे जन्मले होते: मॅटसन टेक्ससमध्ये, टोलर टेनेसीतील मेम्फिस येथे.

दुसरी बाजूही आपण प्रामाणिकपणे मांडली पाहिजे. विद्यापीठाचा फुटबॉल तोट्यात चालला होता. बाउल सामन्याच्या मिळकतीने कदाचित तो तरला असता. दोघे एका दिवसासाठी मागे राहिले असते तर इतरांच्या आयुष्यातील ती एकमेव संधी हुकली नसती. शिवाय त्या नकाराने दक्षिणेतला एकही कायदा बदलला नाही. त्यांच्यावाचून सामने झाले, प्रेक्षकांनी टाळ्या वाजवल्या. मग या हट्टाने साधले काय?

हा हिशेब आपल्या परिचयाचा आहे. सर्वांच्या भल्यासाठी एकाला बाजूला सारणे हे कयफाचे गणित होय. त्याचा धोका असा की ते दुष्टपणाच्या नव्हे, शहाणपणाच्या भाषेत बोलते. ‘दोघेच तर आहेत’, ‘एकदाच तर आहे’, ‘त्यांची समजूत घालता येईल’. या वाक्यांत कुठेही द्वेष नाही. आणि म्हणूनच सज्जन माणसे ती सहज उच्चारतात. त्या तरुणांपुढचा प्रश्न मॅटसन आणि टोलर यांना विचारलेला नव्हताच. तो ज्यांच्यासाठी दार उघडे होते त्यांना विचारलेला होता. अन्याय सोसणाऱ्याची परीक्षा आणि अन्यायातून लाभ मिळू शकणाऱ्याची परीक्षा या दोन वेगळ्या परीक्षा आहेत, आणि आपल्यापैकी पुष्कळांच्या वाट्याला दुसरीच येते.

या नकाराने काय साधले, याचे उत्तर आम्हांला असे वाटते: संघ संघ राहिला. दोघांना वगळून गेलेले खेळाडू सामना जिंकूनही आले असते, पण परतल्यावर त्या दोघांच्या शेजारी कोणत्या तोंडाने बसले असते? ज्या उन्हात सर्वांचा घाम एकत्र गळला, तेथेच बहुधा हा निर्णय झाला होता. नंतर फक्त तो उच्चारायचा उरला होता. सद्गुण म्हणजे मनाला लागलेले स्थिर वळण, असे संत थॉमस अक्वायनस यांनी मांडले आहे. वळण लागलेल्या मनाला ऐन वेळी खल करावा लागत नाही.

किंमत त्यांनी पुरेपूर मोजली. हंगाम संपताच विद्यापीठाने फुटबॉल बंद केला, आणि त्या दर्जाचा संघ तेथे पुन्हा उभा राहिला नाही. मॅटसन यांनी १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये दोन पदके मिळवली. ते, जीनो मार्केटी आणि बॉब सेंट क्लेअर या तिघांना पुढे व्यावसायिक फुटबॉलच्या सन्मान-दालनात स्थान मिळाले. टोलर यांचा गुडघा १९५२ मध्येच निकामी झाला आणि त्यांचे खेळणे संपले. ते शिक्षक झाले, मुख्याध्यापक झाले आणि १९६५ मध्ये व्यावसायिक फुटबॉल लीगमधील पहिले कृष्णवर्णीय पंच ठरले. शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरवणारा अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचा निकाल १९५४ चा आहे. हे तरुण कायद्याच्या तीन वर्षे आधी वागले.

विद्यापीठाच्या आवारात एक वसतिगृह आहे. ते जेम्स फेलन या राजकारण्याच्या नावाने ओळखले जाई. कॅलिफोर्निया गोऱ्यांचीच राहावी, आशियाई लोकांना तेथे थारा मिळू नये, असा प्रचार त्यांनी १९२० मध्ये केला होता. २०१७ मध्ये ते नाव उतरले आणि तेथे बर्ल टोलर यांचे नाव आले. हे पाहायला टोलर हयात नव्हते. २००९ मध्येच त्यांचे निधन झाले होते. याला फळ म्हणायचे तर म्हणावे. पण सहासष्ट वर्षांनी काय घडेल हे त्या मुलांना ठाऊक नव्हते, आणि हे घडले नसते तरी त्यांचा नकार तितकाच खरा राहिला असता.

आपल्यालाही निमंत्रणे येतात. कधी ती लग्नघराची असतात, कधी एखाद्या मंडळाची, कधी बढतीची. अट सहसा लिहिलेली नसते. कोणाला तरी घरी ठेवून यायचे असते, एवढेच सुचवलेले असते. अशा वेळी काय मिळेल हे मोजण्याआधी, कोणाला मागे ठेवून ते मिळणार आहे, हे आपण विचारतो का?