मृत्युपत्र नसते तर?

मृत्युपत्राला हरकत कोण घेऊ शकतो, असे विचारले की आपण नाती मोजू लागतो: मुलगा, सून, दीर, पुतण्या. न्यायालय आधी दुसरेच विचारते. हे मृत्युपत्र नसते, तर तुमच्या वाट्याला काही आले असते का? हरकतीचा हक्क या एका प्रश्नाच्या उत्तरातून जन्मतो.

जयपूरच्या राजघराण्यात हे लख्ख दिसते. बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांच्या नात असलेल्या राजमाता गायत्रीदेवी 29 जुलै 2009 रोजी जयपुरात वारल्या. त्यांचा एकुलता मुलगा जगतसिंह 1997 मध्येच गेला होता. मागे राहिली त्याची दोन मुले, देवराज आणि लालित्या. शिवाय महाराजा मानसिंहांच्या आधीच्या राण्यांचे मुलगे, म्हणजे राजमातांचे सावत्र मुलगे. नातवंडांच्या नावे केलेले मृत्युपत्र पुढे आले आणि घरातल्या जुन्या वादात आणखी एक भर पडली.

हे मृत्युपत्र क्षणभर बाजूला ठेवू. हिंदू उत्तराधिकार कायदा, 1956 च्या कलम 15 प्रमाणे स्त्रीचे पहिले वारस म्हणजे तिची मुले, आधी वारलेल्या मुलांची मुले आणि पती. पतीचे वारस त्यानंतरच्या पायरीवर येतात. सावत्र मुलगा पहिल्या पायरीवरचा 'मुलगा' नव्हे, तो पतीचा वारस म्हणून येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने 1987 मध्ये सांगितले. मालमत्ता पतीकडून वारशाने आलेली असली तरी पोटच्या मुलाची मुले हयात असताना ती पतीच्या वारसांकडे जात नाही. म्हणजे मृत्युपत्र टिकले तरी नातवंडे, पडले तरी नातवंडेच. केवळ सावत्र मुलगा या नात्यावर हरकत घेऊन हाती काही लागत नाही. आधीचे एखादे मृत्युपत्र लाभ देत असेल, तर गोष्ट वेगळी. नवे पडल्यास जुने उभे राहते.

प्रियंवदा बिर्ला यांच्या मृत्युपत्रावरून कोलकात्यात उठलेल्या वादात सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये हाच धागा धरला. मृत्युपत्र सिद्ध झाल्याने ज्याचा हक्क बुडतो, त्यालाच कॅव्हेट, म्हणजे हरकतीची नोंद, घालता येते. मालमत्ता मृताची नव्हतीच, माझी होती, असे म्हणणाऱ्याने वेगळा दावा लावावा. प्रोबेट, म्हणजे मृत्युपत्र खरे असल्याचे प्रमाणपत्र, देणारे न्यायालय मालकी ठरवत नाही. जयपूरचा मोठा तंटा अशाच दुसऱ्या वाटेचा होता. तो जगतसिंहांच्या जयमहाल हॉटेलमधल्या शेअरांचा होता आणि डिसेंबर 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयात मध्यस्थीने मिटला.

उंबरठा असा चिंचोळा असला, तरी आत शिरलेल्या वारसाला कायदा वाऱ्यावर सोडत नाही. मृत्युपत्र खरे आहे हे दाखवण्याचा भार ते पुढे करणाऱ्यावर असतो. निदान दोन साक्षीदारांनी साक्षांकन केलेले असले पाहिजे आणि त्यातला हयात व उपलब्ध असा एक तरी न्यायालयात तपासला गेला पाहिजे. थरथरती सही, खचलेली प्रकृती, लाभ घेणाऱ्यानेच मजकूर तयार करण्यात घेतलेला पुढाकार, जवळच्यांना कारणाशिवाय वगळणे, अशा शंका असतील तर त्या मृत्युपत्र पुढे करणाऱ्यानेच फेडायच्या, हे व्यंकटाचल अय्यंगार खटल्यात 1958 मध्ये ठरले. फसवणूक किंवा दडपण यांचा आरोप मात्र करणाऱ्यालाच सिद्ध करावा लागतो. आणि वारसाला नोटीस न देताच प्रोबेट घेतले असेल, तर ते रद्द करून मागता येते.

जयपुरात हिंदूंच्या मृत्युपत्राला प्रोबेटची सक्ती कधी नव्हती. मुंबईत होती, ती डिसेंबर 2025 मध्ये संसदेने काढली. त्यामुळे हरकतीची जागा आता अनेकदा दिवाणी दावा असेल किंवा फेरफाराची नोंद. जागा बदलली तरी पहिला प्रश्न बदलत नाही. वकिलाकडे जाण्याआधी वारसाने घराण्याचा वंशवृक्ष काढावा, आधीची मृत्युपत्रे शोधावीत आणि मृत्युपत्राविना वाटणी कशी झाली असती ते कागदावर मांडावे. त्या कागदावर आपले नाव असेल, तर निर्धास्तपणे लढावे. नसेल, तर घरातल्या माणसांशी वर्षानुवर्षे वैर धरण्याआधी थांबावे; कारण जिंकूनही आपल्याला काही मिळणार नाही अशी लढाई नात्यांखेरीज काही संपवत नाही.