परीस पाण्यात का गेला?

भोपाळपासून साधारण 45 किलोमीटरवर रायसेनचा किल्ला आहे. वालुकाश्माच्या डोंगरावर पसरलेला त्याचा तट दुरूनच दिसू लागतो. भोपाळमध्ये वाढलेल्या माणसाला या किल्ल्याचा इतिहास माहीत असो वा नसो, तिथल्या ‘पारस पत्थरा’ची गोष्ट त्याने ऐकलेली असतेच. रायसेनच्या राजाजवळ परीस होता आणि त्याच्यापायी लढाया झाल्या. अखेरच्या लढाईत हार दिसू लागली, तेव्हा राजाने तो गडावरच्या तळ्यात टाकून दिला आणि ठिकाण कोणाला न सांगता तो मेला. तेव्हापासून एक जिन्न त्या परिसाची राखण करतो, असे म्हणतात. म्हणून आजही कोणी रात्री कुदळ घेऊन, तर कोणी तांत्रिकाला सोबत घेऊन गडावर जाते. त्यांच्या मागे खड्डे राहतात आणि उखडलेले दगड राहतात.

यातल्या लढाया खऱ्या आहेत. 1532 मध्ये गुजरातच्या बहादूरशाहाने आणि 1543 मध्ये शेरशाह सुरीने रायसेन घेतले. पण त्या माळव्यावरच्या सत्तेसाठी झाल्या. परिसाचे म्हणाल तर शाळेतले रसायनशास्त्र पुरेसे आहे. लोखंडाच्या अणुकेंद्रात 26 प्रोटॉन असतात, सोन्याच्या 79; कोणत्याही दगडाच्या स्पर्शाने हा फरक भरून निघत नाही. आपले सुशिक्षित मन इथेच थांबते. गोष्ट खोटी ठरली, विषय संपला. मला हे थांबणे पुरेसे वाटत नाही. गोष्ट खोटी असल्याचे सांगून खणणाऱ्याची कुदळ थांबलेली नाही. ती थांबवायची तर गोष्ट टाकून देण्यापेक्षा नीट ऐकली पाहिजे.

मराठी घरात वाढलेल्या मला ही गोष्ट ऐकताना दर वेळी पंढरपूर आठवते. महिपतीच्या ‘भक्तविजया’त परिसा भागवताची कथा आहे. त्याच्याजवळचा परीस नामदेवांच्या हाती लागतो आणि नामदेव तो चंद्रभागेत टाकून देतात. परिसा संतापून जाब विचारायला येतो. नामदेव पाण्यात हात घालून ओंजळभर खडे काढतात, आणि त्यातला प्रत्येक खडा परीस निघतो. तापीपलीकडचा माळवा आणि भीमाकाठचे पंढरपूर यांच्यात केवढे अंतर! तरीही दोन्हीकडचा परीस शेवटी पाण्यातच जातो.

रायसेनच्या राजाने तो पाण्यात टाकला तो शत्रूला मिळू नये म्हणून; नामदेवांनी टाकला तो कोणालाच त्याची गरज उरू नये म्हणून. राजाच्या टाकण्यात मालकी शिल्लक राहते, म्हणून तिथे राखणीला जिन्न लागतो. नामदेवांच्या टाकण्यात मालकीच संपते, म्हणून तिथे राखणदार नाही आणि वाळवंटातला साधा खडाही परीस होतो. आपल्या संतांनी परिसाची उणीव वारंवार दाखवली आहे. तो लोखंडाचे सोने करतो, पण स्वतःसारखा दुसरा परीस घडवू शकत नाही. त्याचे देणे एका पायरीवर थांबते. संताचे देणे पुढे चालू राहते, कारण तो दुसऱ्याला आपल्यासारखाच करतो.

ही कसोटी घेऊन रायसेनच्या गडावर पुन्हा जावे. खणणारे ज्या तळ्यांकडे परिसासाठी पाहतात, ती तळी आणि खडकातली टाकी हीच त्या गडाची खरी विद्या आहे. डोंगरमाथ्यावर ना नदी ना ओढा. होता तो फक्त पावसाळा. तो पाऊस वाहून न जाता गडावरच साठेल अशी सोय कोणीतरी केली, आणि त्यावर माणसांच्या पिढ्या जगल्या. शेजारी भोपाळात अकराव्या शतकात भोजराजाने कोलांस नदीला बांध घातल्याचे परंपरा सांगते. त्यातून झालेला मोठा तलाव आजही शहराच्या मोठ्या भागाला पाणी पाजतो. सोने एकदाच होते आणि तिजोरीत पडून राहते. पाण्याचे पीक होते, पिकाचे माणूस होते, आणि ते माणूस पुन्हा तळे राखते. संतांच्या कसोटीला परीस उतरत नाही, तळे उतरते.

कुदळीने काय होते, हे याच परिसरात एकदा घडून गेले आहे. 1822 मध्ये भोपाळमधल्या कॅप्टन जॉन्सन या इंग्रज अधिकाऱ्याने सांचीचा मोठा स्तूप एका बाजूने वरपासून तळापर्यंत फोडला. हाती काही लागले नाही. स्तूप मात्र खिळखिळा झाला. 1851 मध्ये कनिंगहॅम आणि मेझी या इंग्रज अधिकाऱ्यांनी शेजारचा स्तूप उघडला, तेव्हा सारिपुत्त आणि मोग्गलान या बुद्धाच्या दोन पट्टशिष्यांच्या अस्थींचे करंडक मिळाले. आत होते हाडांचे लहान तुकडे आणि काही मणी. सोन्याच्या शोधात आलेल्याला ते कवडीमोल वाटले असते. पुढे 1912 ते 1919 या काळात पुरातत्त्वज्ञ मार्शल यांनी स्तूप सावरले आणि भोपाळच्या सुलतान जहाँ बेगमांनी त्या कामाला पैसा दिला. त्याच मुलखात एक हात कुदळ घेऊन आला, दुसऱ्या हाताने दगड पुन्हा जागेवर बसवले. परिसाच्या गोष्टीचा अर्थ मला या दुसऱ्या हातात दिसतो.

म्हणून मी ही दंतकथा खोटी म्हणून पुसून टाका, असे म्हणणार नाही. मुलांना ती जरूर सांगावी, पण शेवटपर्यंत सांगावी. परीस तळ्यात आहे इतके ऐकले की मूल तळे खणायला निघेल. तो पाण्यात टाकावा असा होता, हे ऐकले तर ते पाण्याकडे बघेल. रायसेनच्या गडावर आज गरज आहे ती टाक्यांमधला गाळ उपसणाऱ्यांची, पाणी येण्याच्या वाटा मोकळ्या करणाऱ्यांची. त्या कामालाही कुदळच लागते. फक्त ती दिवसाउजेडी, चारचौघांसमोर चालवावी लागते.