पटकथाकाराचं श्रेय

पटकथा लिहिली जाते ती वाचकांसाठी नव्हे. चित्रपट पूर्ण झाला की हस्तलिखित बाजूला पडतं आणि लेखकाचं नाव श्रेयनामावलीत उरतं. पटकथाकार विली हास यांचं तसंच झालं. पण त्यांची कारकीर्द पाहताना अन्यायाची भावना मनात येते, तशी कर्तृत्वाविषयीची आपली कल्पनाही तपासून पाहावीशी वाटते.

हास 1891 साली प्रागमधल्या जर्मनभाषक ज्यू कुटुंबात जन्मले. पुढे बर्लिनला येऊन त्यांनी चित्रपटसमीक्षा आणि पटकथालेखन केलं. 1925 साली पाब्स्ट यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘डी फ्रॉइडलोजे गासे’ची पटकथा त्यांची. हुगो बेटाऊअर यांच्या कादंबरीवरचा हा चित्रपट पहिल्या महायुद्धानंतरच्या व्हिएन्नातली महागाई दाखवतो. एका गल्लीत मांसासाठी रांग लागते आणि दोन तरुणींची आयुष्यं वेगवेगळ्या वाटांनी जातात. एकीची भूमिका आस्टा नील्सनची, दुसरीची तरुण ग्रेटा गार्बोची. अनेक देशांत चित्रपटाला मोठी कात्री लागली. ज्या आवृत्त्यांत नील्सनचे प्रसंग कापले गेले, तिथे दोन आयुष्यं शेजारी ठेवण्यातला अर्थच हरवला. पटकथेचं काम हेच असतं: काय कशाशेजारी ठेवायचं, हे ठरवणं. जुळणी मोडते, तेव्हा तिची किंमत कळते.

त्याच वर्षी हास ‘डी लिटरारिशे वेल्ट’ या साप्ताहिकाचे संपादक झाले. समीक्षक वॉल्टर बेन्यामिन त्यात नियमित लिहीत. 1933 मध्ये नाझी सत्तेवर आल्यावर हास यांना प्रागला परतावं लागलं आणि 1939 मध्ये तेही सोडून त्यांनी मुंबई गाठली. इथे मोहन भवनानी यांच्या चित्रसंस्थेसाठी त्यांनी पटकथा लिहिल्या. संगीतकार वॉल्टर कॉफमन हेही त्या वर्तुळातले निर्वासित. युद्धानंतर जर्मनीला परतलेल्या हास यांनी 1952 मध्ये दिवंगत मित्र, लेखक काफ्का यांनी मैत्रीण मिलेनाला लिहिलेली पत्रं संपादित करून जगापुढे आणली.

कादंबरी पडद्यापर्यंत, लेखक वाचकापर्यंत, मृत मित्राची पत्रं पुढच्या पिढीपर्यंत: हास आयुष्यभर दुसऱ्याचं लेखन पोहोचवत राहिले. स्वतःची मुद्रा उमटवणं म्हणजेच निर्मिती, असं आपण मानतो. पण पोहोचवणाऱ्यालाही निवड करावी लागते, क्रम लावावा लागतो, काय गाळायचं याची जबाबदारी घ्यावी लागते. हीसुद्धा निर्मितीच आहे.

मात्र कामापुढे स्वतःला मागे ठेवणं वेगळं आणि इतरांनी विसरून जाणं वेगळं. पहिलं हा लेखकाचा गुण आहे, दुसरं ही आपली हयगय. मुंबईच्या चित्रपटसृष्टीतल्या जर्मनांचा विषय निघाला की ‘बॉम्बे टॉकीज’चे दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन आणि छायालेखक योसेफ विर्शिंग आठवतात, हास क्वचितच. छायालेखन पडद्यावर आपोआप दिसतं, कथेची बांधणी शोधावी लागते. तो शोध घेणं हे समीक्षेचं आणि इतिहासलेखनाचं कर्तव्य आहे, लेखकावर केलेला उपकार नव्हे.